डॉक्युमेंटरी कॅमेऱ्याचं वर्कशॉप, शाहूपुरी : पैसे वसूल झाले, पण खिडकीला पडदे लावा राव

आधीच सांगतो, मी लग्नाचे व्हिडिओ करणारा माणूस आहे. कोल्हापुरात राजारामपुरीला छोटं ऑफिस, सीझनला दोन टीम, एक ड्रोनवाला, एडिटिंगला एक पोरगा, एवढाच पसारा. त्यामुळं हा रिव्ह्यू कुणा फेस्टिव्हलवाल्याचा नाही, धंदा करणाऱ्याचा आहे, हे धरून वाचा. वर्कशॉप कुठलं तर शाहूपुरीत एका क्लासच्या वरच्या मजल्यावर शनिवार-रविवारी घेतात ते, "डॉक्युमेंटरी आणि एक्स्परिमेंटल सिनेमॅटोग्राफी" असं लांबलचक नाव, फी साडेचार हजार, चहा-जेवण त्यातच. आयोजकांचं नाव मुद्दाम घालत नाही कारण पुढं त्यांना थोडं बोलणार आहे आणि गावात रोज तोंड दाखवायचं असतं. शिकवणाऱ्या मॅडमचंपण नाव नको, त्यांना न विचारता कशाला.

घाईत असाल तर एवढंच वाचा : शिकवणं पाचपैकी पाच, व्यवस्था पाचपैकी दोन, जेवण तीन. साडेचार हजार वाया गेले असं मला तरी वाटलं नाही. पण गिंबल (कॅमेरा हलू न देणारा दांडा), लट (रंग बदलायची तयार फाइल), "सिनेमॅटिक लुक", रील्स असलं काय शिकायला जाणार असाल तर नका जाऊ, यूट्यूबवर फुकट आहे ते सगळं आणि जास्त चांगलं आहे. इथलं शिकवणं वेगळंच, म्हणजे असला कॅमेरामन आयुष्यभर नेमकं करतो काय, उभा कुठं राहतो आणि महिन्याचं भागवतो कसं. हे तिसरं तर कुणीच कुठं सांगत नाही.

मॅडम एफटीआयआयमधून (पुण्याची सरकारी फिल्म इन्स्टिट्यूट) कॅमेरा शिकलेल्या, बरीच वर्षं डॉक्युमेंटरीच करतायत. स्वतःबद्दल फार कमी बोलल्या, मला ते आवडलं कारण हल्ली वर्कशॉप म्हणजे निम्मा वेळ स्वतःची शोरील (आपल्याच कामाचे निवडक तुकडे) आणि निम्मा वेळ हिरोंबरोबरचे फोटो. यांनी पहिला दिवस जवळजवळ अख्खा एका माणसाच्या करिअरवर घातला, नवरोज कॉन्ट्रॅक्टर. हॉलमध्ये हे नाव ऐकलेलं कुणीपण नव्हतं, आणि सगळे कॅमेरावाले.

तर नवरोज कॉन्ट्रॅक्टर म्हणजे बडोद्याला फाइन आर्ट्स, मग पुण्याला एफटीआयआय, आणि हात मुळात स्टिल फोटोग्राफीचा. डायरेक्टर मणी कौलचा 1973 चा 'दुविधा' यांनी शूट केलेला. राजस्थानातल्या बोरुंदा गावात शूटिंग, ज्यांच्या कथेवर तो पिक्चर आहे त्या विजयदान देथांचंच गाव. मॅडमनी त्यातले तुकडे दाखवले. पांढऱ्या भिंती, त्यावर नवरीची लाल ओढणी, आणि मधेच चित्र स्टिल फोटोसारखं थांबतंय पण आवाज मात्र पुढं चाललाय. आमच्या धंद्यात फ्रीझ फ्रेम म्हटलं की "खटॅक" असा शटरचा आवाज टाकायचा आणि वर गुलाबाच्या पाकळ्या सोडायच्या. तिथं काहीच नाही, चित्र नुसतं थांबतं आणि आपण बघत बसतो, आणि मग लक्षात येतं की अरे हिचा चेहरा आपण आत्ता कुठं नीट बघितला. एडिटिंगवाल्या पोराला मी परत आल्यावर हेच दाखवलं, तो म्हणाला दादा पार्टी पैसे परत मागंल.

आता एवढा नाव झालेला पिक्चर शूट केल्यावर माणूस मुंबई गाठतो, मोठी बॅनर्स शोधतो, असंच आपल्याला वाटणार. यांनी काय केलं तर 1980 च्या सुमाराला दीपा धनराज (या त्यांच्या पत्नी), आभा भैया, मीरा राव यांच्याबरोबर 'युगांतर' नावाचा ग्रुप उभा केला आणि कष्टकरी बायकांवर फिल्मा करायला घेतल्या. 1981 ला पुण्यातल्या घरकाम करणाऱ्या बायकांवर 'मोलकरीण'. आणि 1982 ला आमच्या शेजारी, निपाणीला येऊन 'तंबाखू चाकिला ऊब आली'.

निपाणी हो! कागल ओलांडून पुढं गेलं की आलीच. तंबाखूच्या वखारीत राबणाऱ्या बायका, त्यांची युनियन, त्यांचा लढा, त्यावर साधारण 25 मिनिटांची फिल्म, 16 एमएमवर. आम्ही सगळे या रस्त्यानं बेळगावला लग्नांना शंभरदा गेलोय आणि हे कुणाला माहीत नव्हतं. मॅडमनी अख्खी फिल्म लावली. कागलची एक पोरगी होती बॅचमध्ये, ती फिल्म संपल्यावर म्हणाली, "माझी आज्जी वखारीत होती मॅडम. तिच्या लुगड्याला तंबाखूचा वास यायचा, कितीबी धुवा, जायचाच नाही. मी हे मोबाईलवर घेऊन जातो, तिला दाखवतो." त्यावर हॉलमध्ये जरा गप्पगप्पच झालं सगळं, मग मॅडमनी विचारलं की आज्जीला फिल्म दाखवताना तू कॅमेरा चालू ठेवशील का बंद? यावर अर्धा तास वाद झाला, आणि माझ्या मते अख्ख्या वर्कशॉपमधला सगळ्यात भारी अर्धा तास तोच.

त्या फिल्मबद्दल मॅडम जे सांगत होत्या ते असं की युगांतरवाले कॅमेरा घेऊन थेट वखारीत घुसले नाहीत, आधी त्या बायकांमध्ये राहिले, बोलले, काय दाखवायचं ते बायकांबरोबर बसून ठरवलं आणि मग रोल फिरवला. म्हणजे कॅमेरामनचं काम कॅमेरा बॅगेत असतानाच सुरू झालेलं. आता आमच्यातला एकजण लगेच म्हणाला की मॅडम आम्हाला पार्टी सकाळी सहाला हॉलवर बोलावते, राहायचं कधी आणि बोलायचं कधी. रास्त आहे त्याचं. मॅडम म्हणाल्या, "मग साडेपाचला जा. मांडववाल्याबरोबर चहा घ्या. नवरीच्या मामाचं नाव विचारून ठेवा." हसले सगळे. पण मी पुढच्या ऑर्डरला खरंच केलं हे, आणि ज्या घरात दर वेळी "ओ कॅमेरावाले, सरका" असतं तिथं दुपारपर्यंत "दादा, या इकडनं घ्या, इकडनं चांगलं दिसतंय" सुरू झालं.

नवरोज यांची पुढची जी फिल्म चर्चेला घेतली ती 1991 ची, दीपा धनराज यांचीच, 'समथिंग लाइक अ वॉर', सरकारी कुटुंबनियोजनावर. त्यात नसबंदीच्या शिबिरांचा विषय आहे. मॅडमनी फिल्म लावायच्या आधी फळ्यावर एक खोली काढली, टेबल, टेबलावर बाई, डॉक्टर, नर्स, दार, खिडकी, आणि म्हणाल्या कॅमेरा कुठं लावणार, प्रत्येकानं येऊन फुली मारायची. निम्म्या फुल्या दारात पडल्या, लांबनं झूम लावून. त्या म्हणाल्या दारातून काढलंत तर तुम्ही बघे, डॉक्टरच्या खांद्यावरून काढलंत तर तुम्ही डॉक्टरचे, बाईच्या उशाशी उभं राहिलात तर निदान ती जे बघतेय ते तुम्हाला दिसतंय. एवढंच बोलून खडू ठेवला. इतक्या वर्षांत मी लेन्सच्या एमएमवर लाख चर्चा केल्या असतील पण उभं राहायची जागा म्हणजे कुणाच्या बाजूनं उभं राहणं, हे असं फळ्यावर कुणी काढून दाखवलं नव्हतं.

मोटारसायकलचं प्रचंड वेड होतं म्हणे या माणसाला, आणि 2023 च्या जूनमध्ये मोटारसायकलवरच अपघातात गेले. बुलेटवाले दोघं होते बॅचमध्ये, त्यांनी तेवढंच वहीत लिहिलं असणार.

एक्स्परिमेंटलचा भाग त्यामानानं लवकर उरकला आणि खरं सांगायचं तर दुपारच्या जेवणानंतर ठेवायला नको होता. बाबेत मांगोल्त म्हणून फ्रेंच कॅमेरावूमन, 1970 ला न्यूयॉर्कला गेल्या, शांताल आकेरमान या डायरेक्टरच्या फिल्मांचा कॅमेरा केला, त्यातली 'जान दिलमान' 1975 ची, 201 मिनिटांची. कॅमेरा हलतच नाही. बाई स्वयंपाकघरात बटाटे सोलतेय आणि आपण बघतोय. 2022 ला 'साइट अँड साउंड' मासिकानं जगभरच्या समीक्षकांची मतं घेतली त्यात हीच फिल्म एक नंबरला आली. मागच्या रांगेत दोघं झोपले, मी नाव घेत नाही. मला स्वतःला बटाटे बरे वाटले पण 201 मिनिटं माझ्याच्यानं होणार नाहीत. यातली कामाची गोष्ट दुसरीच होती, की याच बाई त्याच काळात न्यूयॉर्कमध्ये डान्सचे आणि परफॉर्मन्सचे फोटो काढत होत्या, आणि ते नुसतं पोटापाण्याचं काम नव्हतं, नाचणाऱ्या माणसाचं शरीर कसं बघायचं ते तिथंच डोळ्यात बसलं. म्हणजे बाजूचं काम आणि खरं काम असे दोन डबे करू नका, असं मॅडमचं म्हणणं. हे मी लग्नवाला म्हणून लगेच पटवून घेतलं, सोयीचं आहे ना.

बाबूराव पेंटर म्हणजे मूकपटांच्या काळातले आपल्या गावचे पिक्चरवाले, त्यांचा विषय निघणारच होता, कोल्हापुरात कॅमेऱ्याचं काही असलं की निघतोच, पण इथं नुसता हार घालून सोडला नाही. आनंदराव आणि बाबूराव या मावस की आतेभावांच्या गोष्टीत न शिरता मॅडम थेट कामावर आल्या : प्रोजेक्टर घेऊन त्याचं मशीन समजून घेतलं, 1916 ला आनंदराव गेले, तरी बाबूराव थांबले नाहीत, दामल्यांना हाताशी धरून 1918 ला कॅमेरा पुरा केला आणि त्यावर 1920 ला 'सैरंध्री' काढला. खरी कॉर्नरच्या कॅमेरा स्तंभासमोरून आपण रोज गाडी वळवतो. मॅडमचा मुद्दा असा की ज्या गावात माणसानं कॅमेराच घरी बनवला त्या गावातली पोरं "नवीन कॅमेरा बॉडी आल्याशिवाय काम जमत नाही" असं म्हणतात. टाळ्या पडल्या. तरी ब्रेकमध्ये सगळे नवीन बॉडीच्या ईएमआयबद्दलच बोलत होते, ते सोडा.

बोलेक्स बघायला मिळाला हे मात्र लई भारी. एच 16, 16 एमएम फिल्मचा जुना कॅमेरा, चावीचा. रोल नव्हता आत, पण चावी देऊन चालवू दिला प्रत्येकाला. एक पूर्ण चावी दिली की सेकंदाला 24 फ्रेमच्या स्पीडला साधारण 28 सेकंद चालतो, मग थांबतो, बास. शंभर फुटी रोल पावणेतीन मिनिटांचा. आणि आवाज एवढा करतो की त्याच्याबरोबर जागेवर बोलणं रेकॉर्ड करायचं नावच नको. आता यावरून त्यांनी दुसऱ्या दिवसाचा व्यायाम दिला : प्रत्येक ग्रुपला डिजिटल कॅमेरा, पण कुठलाही शॉट 28 सेकंदांच्या वर नाही, आणि सगळं मिळून चार रोलएवढंच, म्हणजे 11 मिनिटं. डिलीट करायचं नाही. प्लेबॅक बघायचा नाही. गिंबल हॉलवरच ठेवून यायचे. एका भावानं नवीन गिंबल खास यासाठी आणलेला, त्याचं तोंड बघण्यासारखं झालेलं. आम्ही एका लग्नात दोन टीबी डेटा भरवणारी माणसं, आम्हाला 11 मिनिटं म्हणजे थट्टाच.

शूटला नेलं पंचगंगेपलीकडं, वडणग्याच्या अंगाला एका गुऱ्हाळावर, पहाटे. इथं जरा सविस्तर लिहितो कारण पैसे इथंच वसूल झाले.

थंडीत गारठलेला कॅमेरा गुऱ्हाळात नेला की लेन्सवर लगेच वाफ धरते आणि पुसली की परत धरते. मॅडमनी आधीच कॅमेऱ्यांच्या बॅगा बंदच अर्धा तास शेडमध्ये ठेवायला लावल्या, तोवर कुणी शूट करायचं नाही, नुसतं बघायचं. हा अर्धा तास म्हणजे फसवून शिकवणं होतं, कारण त्या वेळात आम्हाला कळलं की चुलवाणात चिपाडं घालणारा माणूस कुठनं वाकतो, काहिलीवरची (रस उकळायची मोठी कढई) मळी कुठल्या बाजूनं काढतात, आणि वाफ पत्र्याच्या भोकातनं येणाऱ्या उन्हात कधी पांढरी होते. आणि हेही कळलं की गुळव्या (गूळ करणाऱ्या) आबांना कॅमेऱ्यापेक्षा आमच्या पायांची जास्त काळजी आहे. "पोरांनो, लांब ऱ्हावा. रस उतू आला तर कॅमेरा नवा मिळंल, पाय मिळायचा न्हाई."

टेक्निकल म्हणाल तर ऑटो सगळं बंद करायला लावलं. वाफेचा लोट समोरून गेला की ऑटो एक्सपोजर गडबडतं आणि आबांचा चेहरा काळा पडतो, ऑटो फोकस तर वाफेतच फोकस शोधत बसतो. त्यावर जुना उपाय : फुलफ्रेम (मोठ्या सेन्सरच्या) कॅमेऱ्याला 24 एमएमची लेन्स, अपर्चर एफ 8, फोकस अडीच मीटरवर ठेवून टेप मारून टाकायचा, मग सव्वा मीटरपासून पुढं सगळं चालण्यासारखं शार्प. तुम्ही फोकसचा विचार सोडा आणि पाय हलवा. शेडमध्ये एक स्वस्तातला एलईडी बल्ब होता, 24 फ्रेमला 1/48 शटर ठेवणाऱ्यांच्या चित्रात पट्टे यायला लागले, आपल्याकडं वीज 50 हर्ट्झची म्हणून 25 फ्रेम आणि 1/50 ठेवा, सगळे पट्टे गायब. हे मला माहीत होतं पण निम्म्या बॅचला नव्हतं, आणि ती पोरं पैसे घेऊन शूट करतात.

आता खरा खेळ असा की काहील उतरायची वेळ आबा सोडून कुणालाच माहीत नसते. पाण्यात थोडा पाक टाकतात, बोटानं गोळी करून बघतात, परत गप्प. परत बघतात. मग एकदम आवाज देतात आणि दोन-चार मिनिटांत काहील वाफ्यात (पाक गार करायच्या हौदात) ओतून रिकामी. रिटेक नाही, पुढची काहील होईपर्यंत दुपार. शेजारच्या ग्रुपनं मळी काढतानाच तीन रोल उडवले आणि चौथा चुलवाणाच्या जाळावर, ओतायच्या वेळेला ते नुसते हात बांधून उभे. कागलच्या पोरीनं तिच्या ग्रुपचा शेवटचा रोल धरून ठेवलेला. आणि तिनं काय करावं, ओतताना कॅमेरा काहिलीकडं नेलाच नाही, आबांच्या तोंडावर ठेवला. अख्खे 28 सेकंद. पाक घट्ट होतोय की नाही ते सगळं त्यांच्या डोळ्यांत आणि जबड्यात दिसतं, मग एकदम ओठ सैल पडतात, म्हणजे झालं, गूळ जमला.

मॅडम खूश. मी तिथंच बोललो आणि इथं पण बोलतो, चेहरा भारीच, पण ओतणं पण पाहिजे. गुऱ्हाळावरची फिल्म आणि काहील ओतलेली नाही असं कसं चालेल, उद्या बघणारा विचारणारच गूळ झाला कुठं. मॅडम म्हणाल्या आवाजात झाला. खरंय, ओतल्याचा आवाज होता मागं. तरी माझं मत तेच आहे, दोन्ही घ्या, आणि त्यासाठीच रोल राखून ठेवा.

बर्फीसारखा गरम गूळ हातावर मिळाला सगळ्यांना. पुढं रवा (गुळाची ढेप) भरतानाचं पण शूट करायचं होतं पण परत निघायची घाई, का तर हॉलवर प्रमाणपत्राचा कार्यक्रम.

आणि इथंच मी तक्रारीवर येतो. साउंडचा सेशन वेळापत्रकात दोन तासांचा छापलेला, झाला पाऊण तास, तोपण डब्यांच्या आवाजात. डॉक्युमेंटरीत निम्मी लढाई साउंडची असते, मॅडम स्वतःच म्हणत होत्या की कॅमेरामनच्या एका कानात हेडफोन पाहिजेच, कोण कुठं बोलायला लागलं हे कानानं आधी कळतं आणि मग कॅमेरा वळतो. एवढं महत्त्वाचं, आणि लॅपल (कॉलरला लावायचा माइक) कुठं लावायचा, बूम (काठीवरचा माइक) किती लांब धरायचा हे घाईघाईत. पण प्रमाणपत्राच्या कार्यक्रमाला मात्र भरपूर वेळ. प्रमुख पाहुणे उशिरा आले, शाल, श्रीफळ, त्यांचं भाषण, भाषणात "आजची तरुण पिढी", मग प्रत्येकाबरोबर फोटो. आणि तो फोटो काढणारा फ्लॅश थेट तोंडावर मारत होता, सिनेमॅटोग्राफीच्या वर्कशॉपमध्ये! आम्ही वीसबावीस कॅमेरावाले समोर बसून डोळे चोळतोय.

प्रोजेक्टर जुना आहे, काळं म्हणून काही दिसतच नाही, सगळं राखाडी. खिडक्यांना पडदे नाहीत. 'दुविधा'मधली पांढरी भिंत आणि आमच्या हॉलची भिंत यात फरक कळेना दुपारी, शेवटी एकानं बॅनर काढून खिडकीला बांधला, "स्वागतम" उलटं दिसत होतं. रंग आणि उजेड शिकवायचा असेल तर पहिला खर्च पडद्यावर करा. कॅमेरे पण कमी, सहा-सात जणांत एक, त्यामुळं जो पुढं पुढं करतो त्याच्याच हातात राहतो, आणि पोरी मागं पडतात हे मी बघितलं. कागलच्या पोरीनं भांडून घेतला म्हणून मिळाला. पुढच्या बॅचला प्रत्येकाची पाळी लिहूनच काढा.

पैशाचा सेशन प्रमाणपत्राच्या आधी कसाबसा बसवला, आणि तो दोन तासांचा पाहिजे होता. मॅडमनी फळ्यावर सरळ लिहिलं की त्यांचं घर कशावर चालतं : कंपन्यांच्या फिल्मा, संस्थांच्या फिल्मा, शिकवणं, कधी गॅलरीसाठी व्हिडिओचं काम, आणि सगळ्यात खाली डॉक्युमेंटरी. जिच्यावर नाव झालं तीच सगळ्यात खाली. ग्रँटचे पैसे हप्त्यानं येतात, फिल्म दोन-तीन वर्षं चालते, मधे डायरेक्टरच अडकतो. हे ऐकून दोन पोरं हिरमुसली, मला उलट बरं वाटलं कारण माझी वही पण अशीच आहे फक्त मथळे वेगळे.

कामाच्या चार गोष्टी मिळाल्या त्या लिहितो. बिलात माणसाचा रेट आणि कॅमेऱ्याचं भाडं वेगळ्या ओळीत टाका, आपण कोल्हापूरवाले सगळं "पॅकेज"मध्ये घालतो आणि मग पार्टी घासाघीस करते तेव्हा कमी होतं ते आपल्या अंगाचं, लेन्सचं नाही. दिवस किती तासांचा ते आधी लिहून घ्या. 10 टक्के टीडीएस कापून आला तर तो रिटर्न भरून हिशेबात धरा, सोडू नका, कितीतरी जण सोडतात. आणि सगळ्यात मोठं म्हणजे आपल्या कायद्यात फिल्मचा मालक प्रोड्युसर असतो, तुम्ही जीव तोडून शूट केलेला शॉट शोरीलला वापरायचा तरी परवानगी लागते, तेव्हा ती कामाला लागायच्या आधी ईमेलवर मागून ठेवा. माझ्या ओळखीतल्या एकाचं याच्यावरून एका ठिकाणी चांगलंच वाजलंय, त्यामुळं मी हे दोनदा अधोरेखित केलं.

जेवणाचं काय, डब्यातली थाळी, भाजी बरी, भात गार. चहा मात्र सारखा येत होता आणि चांगला होता.

कुणी जावं? लग्नवाल्यांनी जावं, खरंच, विशेषतः ज्यांना सगळे व्हिडिओ एकसारखे दिसायला लागलेत त्यांनी. न्यूज चॅनेलची पोरं, कॉलेजची मास कॉमवाली, ज्यांना गावातल्या एखाद्या तालमीवर नाहीतर चप्पल करणाऱ्यांवर काहीतरी करायचंय आणि सुरुवात होईना, त्यांनी तर जावंच. ज्यांनी कॅमेरा कालच घेतलाय त्यांनी आधी मॅन्युअल मोड शिकून जावं, तिथं शटर-अपर्चर पहिल्यापासून शिकवत नाहीत. आणि नोकरी सोडून डॉक्युमेंटरीत उडी मारायच्या विचारात असाल तर पैशाच्या सेशनला पुढच्या रांगेत बसा.

मी काय बदललं तर पाठवणीच्या वेळेला गिंबल बाजूला ठेवतो, 24 एमएम लावून जवळ उभा राहतो आणि शॉट लवकर तोडत नाही. पहिल्याच पार्टीचा फोन आला, "व्हिडिओ छान आहे, पण शेवटी जरा हलतोय की ओ." नवरीच्या आईनं मात्र तेवढाच भाग वेगळा करून मागवला. दोन्ही फोन एकाच घरातले.

पुढची बॅच गुऱ्हाळाचा सीझन संपायच्या आत असेल तर घ्या, नंतरच्या बॅचला दुसरीकडं कुठंतरी नेतात म्हणे, त्याचं मला सांगता येणार नाही. फी भरायच्या आधी फोन करून साउंडचा सेशन पूर्ण आहे का आणि कॅमेरे किती ते विचारा, तोंडी नको, व्हॉट्सअॅपवर लिहून घ्या. स्वतःचा हेडफोन न्या, तिथं दोनच आहेत आणि एकाची डावी बाजू बंद आहे. पहाटेच्या शूटला जुनी चप्पल घाला, गुऱ्हाळात मळीचा चिकटा लागतो तो निघत नाही. पार्किंग गल्लीत मिळत नाही, गाडी लांब लावून चालत या.